स्विस चॉकलेट स्वस्त होईल; नाशिकच्या नावाचे काय?

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार, वि. वि.

स्वित्झर्लंड, नॉर्वे, आइसलँड आणि लिश्टेनस्टाइन या चार देशांच्या ‘एफ्टा’ गटाशी भारताने १० मार्च २०२४ रोजी केलेला व्यापार करार १ ऑक्टोबर २०२५ पासून अमलात आला असून, त्यानुसार स्विस चॉकलेटवरील ३० टक्के आयात शुल्क टप्प्याटप्प्याने खाली येत जाणार आहे. तेव्हापासून नाशिकमधील चॉकलेट आणि मिठाई व्यावसायिकांच्या बोलण्यात एकच सूर ऐकू येतो. परदेशी माल स्वस्त झाला की येथील लहान उत्पादक उठलाच म्हणून समजा, तेव्हा सरकारने चॉकलेटला या सवलतीतून वगळावे, असे सगळे म्हणतात. सातपूरला बेदाणा आणि सुका मेवा यांवर चॉकलेटचे आवरण चढवून विकणारा मी एक लहान उत्पादक आहे. या प्रश्नात माझा स्वार्थ गुंतलेला आहे हे आधीच सांगून टाकलेले बरे. तरीही ही मागणी मला पटत नाही. आजही स्विस चॉकलेट आपल्या मालाच्या कितीतरी पट महाग असते आणि गिऱ्हाईक ते हौसेने घेते. शुल्क शून्यावर आले तरी ते आपल्यापेक्षा महागच राहील. म्हणजे आपली गाठ स्वस्ताईशी नाहीच. त्या देशाने आपल्या नावाची जी राखण केली तशी आपण नाशिकच्या नावाची केली नाही, हे खरे दुखणे आहे आणि त्यावरचा इलाज दिल्लीत शोधण्याचे कारण नाही.

स्वित्झर्लंडमध्ये कोकोचे झाड उगवत नाही. त्याला विषुववृत्ताच्या आसपासची उष्ण आणि दमट हवा लागते; जगातील निम्म्याहून अधिक कोको आयव्हरी कोस्ट आणि घाना या पश्चिम आफ्रिकेतील दोन देशांतून येतो, आणि स्विस कारखान्यांत जाणाऱ्या बियांतही घानाचा वाटा मोठा असतो. समुद्रकिनारा नसलेल्या, सुमारे ९० लाख वस्तीच्या या देशात वर्षाला साधारण दोन लाख टन चॉकलेट तयार होते आणि त्यातील सुमारे ७० टक्के निर्यात होते. सर्वांत मोठे गिऱ्हाईक शेजारचा जर्मनी. स्विस माणूस स्वतःही वर्षाकाठी दहा-अकरा किलो चॉकलेट खातो, पण केवळ घरच्या खाण्यावर एवढे कारखाने चालले नसते.

हे कसे घडले ते थोडे सविस्तर सांगायला हवे, कारण आपल्याकडे ‘त्यांच्याकडे पैसा आहे’ एवढ्या एका वाक्यात हा विषय मिटवला जातो. फ्रांस्वा-लुई काये याने १८१९ मध्ये वेव्हे गावाजवळ यंत्रावर चालणारा कारखाना काढला. फिलिप सुशार याने १८२६ मध्ये न्यूशातेलजवळ सेरिएर येथे वाहत्या पाण्यावर चाक फिरवून कोको दळायला सुरुवात केली. परंतु त्या काळचे चॉकलेट खरखरीत आणि कडवट होते, आणि ते घेणे सामान्य माणसाच्या ऐपतीबाहेरचे होते. कायेचा जावई डॅनिएल पीटर हा मुळात मेणबत्त्या बनवणारा. रॉकेलचे दिवे आले, मेणबत्तीचा धंदा बसू लागला आणि तो सासुरवाडीच्या धंद्याकडे वळला. डोंगरउतारावरच्या गायींचे दूध मुबलक होते, ते चॉकलेटमध्ये घालावे ही कल्पना सुचायला अवघड नव्हती. अडचण होती ती दुधातल्या पाण्याची, कारण ते कोकोच्या चरबीशी जमत नाही आणि माल टिकत नाही. बासुंदी आटवणाऱ्या आपल्या हलवायाला जे काम हाताच्या सवयीने जमते, ते कारखान्यात, मोठ्या प्रमाणावर आणि महिनोन्‌महिने टिकेल अशा रीतीने साधायला पीटरला कित्येक वर्षे लागली. १८७५ मध्ये त्याला आटवलेल्या दुधाच्या वाटेने दुधाचे चॉकलेट साधले. पुढे चार वर्षांनी बर्नमध्ये रोडॉल्फ लिंट याने कोको आणि साखरेचा लगदा तासन्‌तास घोटत ठेवणारे यंत्र तयार केले, आणि दाताखाली कचकचणारे चॉकलेट जिभेवर विरघळू लागले. लिंटचा हा धंदा आणि त्यातले गुपित झुरिकच्या श्प्रुंगली घराण्याने १८९९ मध्ये १५ लाख सुवर्ण फ्रँक मोजून विकत घेतले. कोको परका आणि पुष्कळशी साखरही परकी. त्यांनी स्वतःचे म्हणून जे घातले ते दूध, यंत्र आणि घोटण्याचा धीर.

येथवरचा इतिहास पुष्कळांना माहीत असतो. त्यापुढचा भाग क्वचितच कोणी सांगतो, आणि माझ्या मते धडा तिथेच आहे. चॉकलेट उत्पादक एकमेकांचे कट्टर स्पर्धक असूनही १९०१ मध्ये त्यांनी स्वतःची संघटना उभारली. ‘शोकोसुइस’ या नावाने ती आजही काम करते. १९९० च्या दशकात कॅडबरीने ब्रिटनमध्ये ‘स्विस शॅले’ नावाचे चॉकलेट बाजारात आणले. वेष्टनावर बर्फाच्छादित मॅटरहॉर्न शिखर आणि डोंगरातले लाकडी घर होते, माल मात्र स्वित्झर्लंडमधला नव्हता. स्विस उत्पादक संघटनेसह एकत्र न्यायालयात गेले आणि १९९९ मध्ये इंग्लंडच्या अपील न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल कायम केला: काही ग्राहक हे चॉकलेट स्विस समजून घेतील, आणि त्या नावाने जी पत कमावली आहे ती दुसऱ्याला फुकट वापरता येणार नाही. या निकालातली एक बारकाई येथे मुद्दाम नोंदवतो. संघटना स्वतः माल बनवत नसल्यामुळे तिला दावा लावण्याचा अधिकार न्यायालयाने मान्य केला नाही; दावा टिकला तो सोबत उभ्या राहिलेल्या उत्पादकांमुळे. नुसती संघटना आणि तिचे पदाधिकारी नावाची राखण करू शकत नाहीत, हे आपल्याकडील संघटनांनी भिंतीवर लिहून ठेवावे इतके महत्त्वाचे आहे.

त्यानंतर त्यांनी कायदाही केला. १ जानेवारी २०१७ पासून लागू झालेल्या नियमांनुसार खाद्यपदार्थाला ‘स्विस’ म्हणवून घ्यायचे असेल तर वजनाने किमान ८० टक्के कच्चा माल त्या देशातला असावा लागतो, आणि दूध तर शंभर टक्के. कोकोसारखा जो माल त्या देशात पिकतच नाही तो या हिशेबातून वगळलेला आहे. सवलत कुठे द्यायची आणि कुठे नाही याचा त्यांचा निवाडा पाहण्यासारखा आहे: कोको परका चालेल, पण आपल्या गोठ्यातले दूध सोडून शेजारच्या देशातले स्वस्त दूध घातलेत तर नाव खाली ठेवा. निर्यातीच्या मालात वापरलेल्या दुधासाठी आणि धान्यासाठी उत्पादकांना १९७० च्या दशकापासून मिळणारे सरकारी अनुदान जागतिक व्यापार संघटनेच्या नैरोबी येथील निर्णयानंतर २०१९ च्या आरंभी बंद झाले आणि मदतीचा ओघ थेट दूध आणि धान्य उत्पादक शेतकऱ्यांकडे वळवण्यात आला. कारखानदारांनी कुरकूर केली, पण नावाचा नियम कोणी सैल केला नाही.

या नियमाचा दात किती खरा आहे हे टोबलरोनच्या उदाहरणावरून कळते. बर्नमध्ये १९०८ साली जन्मलेला हा त्रिकोणी चॉकलेटचा प्रकार आज मोंडेलीझ या अमेरिकी कंपनीच्या मालकीचा आहे. कंपनीने उत्पादनाचा काही भाग स्लोव्हाकियाला हलवायचे ठरवले तेव्हा, २०२३ मध्ये, तिला वेष्टनावरचे मॅटरहॉर्नचे चित्र काढून तेथे साधे, कुठलेही नाव नसलेले शिखर छापावे लागले. कंपनी विकली गेली, ब्रँड विकला गेला, पाककृती विकली गेली. डोंगर तेवढा विकता आला नाही, कारण तो कोणा एकाच्या मालकीचा नव्हता.

आता आपल्या जिल्ह्याकडे वळतो. मालेगाव तालुक्यातील रावळगाव हे नाव महाराष्ट्रातल्या दोन-तीन पिढ्यांना माहीत आहे ते गोळ्यांमुळे. वालचंद हिराचंद यांनी १९३३ मध्ये स्थापन केलेल्या रावळगाव शुगर फार्मने पुढच्या दशकात साखरेच्या गोळ्या काढल्या, आणि पान पसंद, मँगो मूड, कॉफी ब्रेक ही नावे किराणा दुकानांच्या बरण्यांतून घरोघर गेली. फेब्रुवारी २०२४ मध्ये या गोळ्यांचे ब्रँड, त्यांचे बोधचिन्ह आणि पाककृतींचे हक्क रिलायन्स समूहातील कंपनीने २७ कोटी रुपयांना विकत घेतले. जमीन आणि कारखाना मूळ कंपनीकडेच राहिला. व्यवहार कायदेशीर होता, दोन्ही बाजूंच्या संमतीने झाला आणि कदाचित त्यामुळेच ती नावे बाजारात टिकतील, तेव्हा तक्रारीचा सूर मला लावायचा नाही. मात्र लक्षात घेण्याजोगी गोष्ट ही की गावाचे नाव असलेली गोळी उद्या देशातल्या कोणत्याही कारखान्यात बनली तरी त्या नावावर हरकत घेणारा कोणताही नियम नाही. टोबलरोनला जो डोंगर खाली ठेवावा लागला, तसे रावळगावला खाली ठेवण्यासारखे काही नव्हतेच.

नाशिकच्या द्राक्षांना भौगोलिक मानांकन आहे, नाशिक व्हॅली वाइनलाही आहे. नोंदणी झाली त्या वेळी सत्कार झाले, वर्तमानपत्रांत छायाचित्रे आली. पण ते चिन्ह पाकिटावर किंवा पेटीवर किती वेळा दिसते, हे वाचकांनीच पाहावे. ‘नाशिकचा चिवडा’ महाराष्ट्रातल्या कुठल्याही बसस्थानकावर मिळतो आणि तो कोठे तळला याची चौकशी कोणी करत नाही. गेल्या काही वर्षांत त्यात ‘नाशिक स्पेशल होममेड चॉकलेट’ची भर पडली आहे. राखीपौर्णिमा, दिवाळी आणि नाताळ या दिवसांत गंगापूर रोडपासून इंदिरानगरपर्यंत शेकडो घरांत ही चॉकलेटे तयार होतात. अनेक घरांचा संसार त्यावर चालतो, म्हणून पुढचे वाक्य जपून लिहितो: यांतील फार मोठा भाग नियमाच्या अर्थाने चॉकलेट नसतो. बाजारात ‘कंपाउंड’ म्हणून मिळणाऱ्या लाद्यांमध्ये कोको बटरऐवजी, म्हणजे कोकोच्या बियांतल्या चरबीऐवजी, पामच्या बियांची किंवा तत्सम वनस्पतिजन्य चरबी आणि थोडी कोको पावडर असते. ती लादी स्वस्त असते, वितळवून साच्यात ओतली की पुरे, तापमान सांभाळण्याची यातायात नसते आणि उन्हात ती लवकर पाघळत नाही. त्यात बेकायदेशीर काही नाही, मीही माझ्या मालापैकी काही प्रकार कंपाउंडमध्ये करतो आणि पाकिटावर तसे स्पष्ट छापतो. आपल्या अन्नसुरक्षा नियमांनुसार चॉकलेटमध्ये कोको बटरखेरीज अन्य वनस्पतिजन्य चरबी ५ टक्क्यांपर्यंतच चालते आणि तीही जाहीर करावी लागते. नियम आहे, नाशिकच्या काचेच्या कपाटांत तो दिसत नाही.

कोकोचा भाव कडाडल्यावर हा मोह जगभर वाढला. एरवी टनाला दोन-तीन हजार डॉलरच्या आसपास घुटमळणारा कोको पश्चिम आफ्रिकेतील रोगराई, विचित्र पाऊसमान आणि म्हाताऱ्या झालेल्या बागा यांमुळे डिसेंबर २०२४ मध्ये न्यूयॉर्कच्या वायदेबाजारात १२ हजार डॉलरच्या वर गेला. तेथील शेतकऱ्याला त्याचा पुरता लाभ झाला असेही नाही, कारण घाना आणि आयव्हरी कोस्टमध्ये शेतकऱ्याचा भाव सरकार ठरवते आणि पीक आधीच विकलेले असते. ज्याचे पीक त्याच्याच हातात भाव नाही, हे कांदा उत्पादकांच्या जिल्ह्याला समजावून सांगायला नको. या भाववाढीत ब्रिटनमध्ये पेंग्विन आणि क्लब या जुन्या बिस्किटांतील कोकोचे प्रमाण घटवले गेले तेव्हा कंपनीला ‘चॉकलेट बिस्किट’ हे वर्णन सोडून ‘चॉकलेटच्या स्वादाचे’ असे लिहावे लागले. आपल्याकडे त्याच काळात लादी बदलली आणि फलक तोच राहिला.

वनस्पतिजन्य चरबीच्या या चर्चेत आपल्या फायद्याची एक गोष्ट कायम दुर्लक्षित राहते. युरोपीय संघाच्या २००० सालच्या निर्देशानुसार चॉकलेटमध्ये कोको बटरसोबत ५ टक्क्यांपर्यंत ज्या सहा चरबी चालतात, त्यांत साल वृक्षाच्या बियांची चरबी, आंब्याच्या कोयीची चरबी आणि चक्क आपले कोकम आहे. थंडीत भेगाळलेल्या टाचांना लावायचे मुठेल, म्हणजे कोकमाच्या बियांचे घट्ट तेल, युरोपात चॉकलेटमध्ये घालायला मान्यता आहे, आणि कसाऱ्याचा घाट उतरला की ज्याची हद्द सुरू होते त्या कोकणातला हा माल नाशिकच्या एकाही चॉकलेट उत्पादकाने वापरून पाहिल्याचे माझ्या ऐकिवात नाही.

‘आम्ही लहान माणसे, हे नियम आम्हाला कसे परवडणार’ असे विचारले जाते, आणि प्रश्न रास्त आहे. परंतु याच जिल्ह्याने हे एकदा करून दाखवले आहे. २०१० मध्ये क्लोरमेक्वाट क्लोराइड या वेलीची वाढ रोखणाऱ्या रसायनाच्या अंशामुळे युरोपने आपली द्राक्षे नाकारली. निफाड-दिंडोरीच्या बागाइतदारांनी आणि निर्यातदारांनी त्या वर्षी काय सोसले ते येथे सर्वांना ठाऊक आहे. त्यानंतर औषधांच्या अंशांची तपासणी अधिक कडक झाली, निर्यातीच्या प्रत्येक बागेची अपेडा या केंद्र सरकारच्या कृषी निर्यात संस्थेच्या ग्रेपनेट प्रणालीत नोंदणी तर आधीपासूनच आवश्यक होती, आणि आज कंटेनरमधल्या पेटीवरून थेट बागेपर्यंत माग काढता येतो. युरोपीय संघाने २०२३ मध्ये जंगलतोडीविरुद्ध केलेल्या कायद्यात कोकोच्या प्रत्येक शेताचे भौगोलिक स्थान नोंदवण्याची अट घातली आहे आणि तयारी नाही म्हणून तिची अंमलबजावणी दोनदा पुढे ढकलावी लागली. पश्चिम आफ्रिकेला आज जे अवघड जात आहे ते आपला द्राक्ष उत्पादक शेतकरी दर हंगामात करतो. शिस्त आपल्याला येत नाही असे म्हणणे म्हणूनच खोटे आहे. ती परक्या गिऱ्हाइकाने लादली तेव्हा आली, स्वतःहून लावून घेतली नाही, एवढेच.

माझी सूचना चॉकलेटमध्ये घोळलेल्या बेदाण्यापासून आरंभ करण्याची आहे. चॉकलेटला भौगोलिक मानांकन मिळवण्याच्या मागे लागू नये, कारण कोको येथला नाही आणि ते टिकणार नाही. त्याऐवजी १९९९ च्या व्यापारचिन्ह कायद्यात सामूहिक चिन्हाची जी तरतूद आहे तिचा वापर करावा: उत्पादकांच्या संघटनेने चिन्ह नोंदवायचे, नियम स्वतः ठरवायचे आणि ते पाळणाऱ्या सभासदालाच चिन्ह वापरू द्यायचे. स्विस नियमाचाच धागा घेऊन बेदाणा शंभर टक्के नाशिक जिल्ह्यातला, आवरणात कोको बटरच, आणि कंपाउंड वापरले तर चिन्ह नाही, इतके तीन-चार नियम पुरेत. सुरगाण्याच्या स्ट्रॉबेरीचाही पुढे यात समावेश होऊ शकेल, पण तिच्यातील पाणी काढण्याचा प्रश्न आधी सुटायला हवा. सुका बेदाणा त्या दृष्टीने सोपा आहे.

शीतगृहांबाबत मात्र उत्साहाच्या भरात जे बोलले जाते त्याला थोडा लगाम घालावा लागेल. द्राक्षांचा हंगाम एप्रिलमध्ये संपला की पिंपळगाव, ओझर आणि दिंडोरी परिसरातील शीतगृहांचा बराच भाग मोकळा राहतो, आणि चॉकलेटची मागणी नेमकी श्रावणापासून नाताळापर्यंत असते, तेव्हा दोन्हींची सांगड घाला असे सुचवले जाते. कल्पना चांगली आहे. पण द्राक्षाला शून्य अंशाच्या आसपासचे तापमान आणि भरपूर आर्द्रता लागते, चॉकलेटला १५ ते १८ अंश आणि कोरडी हवा. दमट खोलीतून बाहेर काढलेल्या चॉकलेटवर पाणी सुटते आणि साखरेची पांढरी बुरशीसारखी साय धरते. शिवाय चॉकलेट आजूबाजूचा वास चटकन ओढून घेते. द्राक्षाच्या पेटीतल्या गंधकाच्या कागदांचा किंवा शेजारच्या खोलीतल्या कांद्याचा वास लागलेला बेदाणा कोणीही दुसऱ्यांदा विकत घेणार नाही. एखाद-दुसऱ्या शीतगृहचालकाने एक खोली वेगळी करून, आर्द्रता कमी करणारे यंत्र बसवून चॉकलेटसाठी राखून ठेवली तर प्रयोगाला तेवढे पुरे आहे.

२०२७ च्या सिंहस्थात देशभरातून लोक नाशिक-त्र्यंबकेश्वरला येतील आणि जाताना काहीतरी घेऊन जातील. त्या वेळी नाशिकच्या नावाने विकल्या जाणाऱ्या मालाचा कोणी वाली असावा असे ज्यांना वाटते, त्या बेदाणा आणि चॉकलेट उत्पादकांनी, घरगुती व्यवसाय करणाऱ्या महिलांना सोबत घेऊन, येत्या द्राक्ष हंगामाआधी एकत्र बसावे आणि सामूहिक चिन्हाच्या नियमांचा मसुदा तयार करावा. जिल्हा उद्योग केंद्राने त्यासाठी जागा आणि व्यापारचिन्हाच्या कायद्याचा एखादा जाणकार उपलब्ध करून द्यावा, याहून अधिक मागणी सरकारकडे नाही. माझ्याकडच्या मालात कंपाउंड कोणते आणि कोको बटरचे कोणते याची यादी, घटकांच्या प्रमाणासह, मी त्या बैठकीत सर्वांत आधी ठेवीन.

कळावे.

आपला,
सातपूर येथील एक लघुउद्योजक,
नाशिक